हवालदारांची झडती

सोसायटीच्या गेटवर माजी सैनिक ठेवायचं ठरलं. एजन्सीने पाठवलेले गृहस्थ खरोखर फौजेत होते का, हे तपासायचं काम कमिटीने माझ्या गळ्यात घातलं. माझी पात्रता एवढीच, की ‘बॉर्डर’ मी पाठ होईपर्यंत पाहिलाय.

संशयाला जागा होती. लष्करी छापाची पँट हल्ली फुटपाथवर मिळते. आणि हवालदार, सुभेदार, सरनोबत ही आपल्याकडे नुसती आडनावंही असतात.

“पलटण कुठली?” मी जमेल तेवढी छाती फुगवली.

“मराठा लाइट इन्फंट्री. ट्रेनिंग बेळगावला.”

“सर्व्हिस नंबर?”

त्यांनी एका दमात म्हणून टाकला, शेवटच्या अक्षरासकट. मला स्वतःचा मोबाइल नंबरही दोन हप्त्यांत आठवतो.

मग पिशवीतून कागद निघाले. डिस्चार्ज बुक, पेन्शनचा पीपीओ, जिल्हा सैनिक कल्याण कार्यालयाचं ओळखपत्र. शहाण्या माणसाचा तपास इथे संपतो. फार तर तो त्या कार्यालयात किंवा बेळगावच्या रेकॉर्ड ऑफिसात विचारतो. मी डिस्चार्ज बुक वाचत बसलो. उंची, अंगावरची खूण, नोकरीची वर्षं, आणि चारित्र्यापुढे शेरा: ‘एक्झेम्प्लरी’. असा शेरा मला शाळेने दिला नाही, ऑफिसने दिला नाही. घरून तर अपेक्षाच नाही.

त्या क्षणी मी फितूर झालो. झडती घेणारा मी, आता त्यांचा भाट बनलो.

१५ ऑगस्टला ते छातीवर पदकं लावून आले आणि माइक नेमका माझ्या हाती पडला.

“हे पदक,” मी पहिल्यावर बोट ठेवून गरजलो, “शत्रूच्या गोळीबारात...”

“नाही साहेब. हे स्वातंत्र्याला ५० वर्षं झाली त्याचं. १५ ऑगस्ट १९९७ला जे नोकरीत होते, त्या सगळ्यांना मिळालं.” हेही माइकवरून सगळ्यांना ऐकू गेलं.

“बरं, हे?”

“९ वर्षं सर्व्हिस झाली की देतात.”

मागे पोरं खिदळायला लागली. आता मला कारगिलच तारणार होतं.

“पण हे ऑपरेशन विजयचं! १९९९! बर्फात, रात्रीच्या अंधारात तुम्ही...”

“लंगरला होतो, साहेब. रोट्या करायला.”

अजून एक पदक शिल्लक होतं. माझं बोट तिकडे वळताच हवालदारांनी ते दोन बोटांनी धरून अलगद बाजूला केलं.

“साहेब, आधी झेंडा फडकवू या का?”