जनुकाचे सोवळे

जनुक म्हणजे सजीवाच्या पेशीत पिढ्यान्‌पिढ्या चालत आलेली सूचना, आणि ती कापून, बदलून अथवा एका जिवातून उचलून दुसऱ्यात बसवण्याच्या विद्येला जनुकीय अभियांत्रिकी म्हणतात, एवढी व्याख्या शालेय पुस्तकातही सापडते. परंतु ही विद्या धर्माला चालते की नाही, याचे उत्तर कोणत्याही ग्रंथात एका जागी सापडत नाही, कारण विचारणाऱ्याला त्या विद्येची गरज किती, यावर ते उत्तर आजवर ठरत आले आहे.

पाश्चात्य देशांत हा वाद निदान सरळ होता. 16 जून 1980 रोजी अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने पाच विरुद्ध चार मतांनी असा निर्णय दिला, की आनंद चक्रवर्ती या मूळच्या बंगाली शास्त्रज्ञाने घडवलेल्या, खनिज तेल पचवणाऱ्या जिवाणूवर पेटंट, म्हणजे निर्मात्याचा ठरावीक मुदतीचा एकाधिकार, देता येतो. त्यानंतर चारच दिवसांनी प्रोटेस्टंट, कॅथलिक आणि ज्यू धर्मसंघटनांच्या प्रमुखांनी अध्यक्ष जिमी कार्टर यांना पत्र लिहून देवाची भूमिका करू पाहणाऱ्यांवर देखरेख कोणाची राहणार, अशी चिंता व्यक्त केली. अध्यक्षीय आयोगाने विषय हाती घेतला, धर्मपंडितांना विचारले, आणि 1982 साली अहवाल देऊन सांगितले, की या विद्येत मुळातच पाप असे काही नाही, प्रश्न ती जबाबदारीने वापरण्याचा आहे. सृष्टीचा कर्ता एक असून त्याचे सर्व हक्क राखीव आहेत, अशी श्रद्धा असल्यामुळे तिकडे फिर्याद कोणाच्या वतीने चालली आहे, हे तरी स्पष्ट होते. भारतात विश्वामित्राने थेट प्रतिसृष्टीच उभारायला घेतली, तेव्हा देवांनी त्याच्याशी तडजोड करून प्रकरण मिटवले, त्यामुळे निर्मात्याच्या हक्काचा मुद्दा येथे कधी फारसा तापला नाही. येथे तापतो तो विटाळाचा मुद्दा: कोणाचे जनुक कोणात शिरले, ते कोणत्या घरचे, आणि ते ताटात येणार की परस्पर बाजारात जाणार.

या सोवळ्याचा पहिला बळी वांगे ठरले. जालन्याच्या महाराष्ट्र हायब्रीड सीड्स कंपनीने, म्हणजे महिकोने, बॅसिलस थुरिंजिएन्सिस या मातीतल्या जिवाणूचे ‘क्राय1एसी’ नावाचे जनुक वांग्यात बसवून शेंडा व फळ पोखरणाऱ्या अळीला ते वांगे पचणार नाही अशी व्यवस्था केली, आणि जिवाणूच्या इंग्रजी नावाच्या आद्याक्षरांवरून त्याला बीटी वांगे म्हटले जाऊ लागले. ऑक्टोबर 2009 मध्ये केंद्राच्या जनुकीय अभियांत्रिकी मान्यता समितीने त्याला मंजुरी दिली. पर्यावरणमंत्री जयराम रमेश यांनी नागपुरासह सात शहरांत जनसुनावण्या घेतल्या, आणि 9 फेब्रुवारी 2010 रोजी स्थगिती जाहीर केली. चाचण्या अपुऱ्या आहेत, वांग्याच्या देशी वाणांचे काय होणार, बियाण्यावर कंपन्यांची पकड बसेल, हे त्या सुनावण्यांतले आक्षेप रास्त होते आणि आजही त्यांची नीट उत्तरे मिळायला हवीत; परंतु त्यांच्याच पंक्तीला ‘हे निसर्गाच्या विरुद्ध आहे’ हा आक्षेपही मानाचे पान मांडून बसला, आणि त्याला पुरावा विचारण्याची प्रथा नसल्यामुळे तो सर्वांत पोटभर जेवला. मराठी घरांत कांदेनवमीला बंद झालेले वांगे चंपाषष्ठीला खंडोबाच्या भरीत-रोडग्याच्या नैवेद्याने पुन्हा सुरू होते. बीटी वांग्याचा चातुर्मास 2010 साली बसला आणि त्याची चंपाषष्ठी अद्याप उजाडलेली नाही. शेजारच्या बांगलादेशाने मात्र याच तंत्राने घडवलेल्या वाणांना 2013 साली परवानगी देऊन टाकली.

आता कापसाकडे वळावे. वांग्यात अपवित्र ठरलेल्या त्याच जनुकाला कापसात मार्च 2002 मध्येच परवानगी मिळाली होती, आणि आज देशातील कापसाखालच्या नव्वद टक्क्यांहून अधिक क्षेत्रावर बीटी कापूस उभा आहे. याचा शास्त्रशुद्ध अर्थ असा, की बाजारातील सुताचे जानवे, निरांजनातील फुलवात, लक्षवातीच्या व्रतासाठी दुपारभर वळल्या जाणाऱ्या वाती आणि देवापुढे मांडलेली कापसाची वस्त्रमाळ ही सर्व आता बहुतांशी एका जिवाणूच्या कृपेने तयार होतात. प्रकरण येथेच थांबत नाही. कापसातून रुई वेगळी केली की सरकी उरते. सरकीचे तेल निघते आणि ते फरसाणाच्या कढईत जाते. तेल काढून उरलेली पेंड गोठ्यात जाते, गाय ती खाते, दूध देते, आणि त्या दुधाचे, दह्याचे व तुपाचे पंचामृत सत्यनारायणाच्या चौरंगाशेजारी येऊन बसते. शुद्ध केलेल्या तेलात जनुकही उरत नाही आणि त्याचे प्रथिनही जवळजवळ उरत नाही, आणि गाईच्या पोटात दोन्ही पचून जातात, असे वैज्ञानिक सांगतात व ते खरेही आहे. पण सोवळ्याचा कायदा प्रयोगशाळेच्या कायद्यापेक्षा नेहमीच कडक होता, त्यात मात्रा मोजत नाहीत, स्पर्श पुरतो. या स्पर्शाची शंका काढून प्रायश्चित्त विचारणारा यजमान आढळत नाही, आणि प्रायश्चित्त सांगणारा पुरोहितही नाही, कारण दोघांनाही पूजा उरकून दक्षिणेपर्यंत पोचायचे असते.

कापसात या वादाला एक उपकथानकही आहे. तणनाशक फवारले तरी न मरणाऱ्या, सरकारी मान्यता नसलेल्या कापसाला विदर्भात ‘चोर बीटी’ म्हणतात. 10 जून 2019 रोजी अकोला जिल्ह्याच्या अकोट तालुक्यातील अकोली जहांगीर येथे शेतकरी संघटनेच्या पुढाकाराने हजाराहून अधिक शेतकरी जमले आणि त्यांनी हे बियाणे उघडपणे, दिवसाढवळ्या, सत्याग्रह म्हणून पेरले. 1986 च्या पर्यावरण संरक्षण कायद्याखाली या कृत्याला पाच वर्षांपर्यंत कैद आणि लाख रुपयांपर्यंत दंड होऊ शकत होता. गांधीजींचे शस्त्र बहुराष्ट्रीय तंत्रज्ञानासाठी उपसले गेल्याचे पाहून शहरांतील निसर्गनिष्ठांना धक्का बसला. तथापि निंदणीला माणसे मिळत नाहीत आणि मिळाली तर मजुरी परवडत नाही, ही अडचण ज्याच्या बांधावर उभी असते त्याला निसर्गाच्या पावित्र्याविषयीचे व्याख्यान फार वेळ ऐकता येत नाही. चोर बियाण्याला पावती नसते आणि ते न उगवल्यास दाद मागायला जागा नसते, ही त्याची खरी अनैतिकता. पण तिच्यावर कोणी प्रवचन करीत नाही.

गरज मोठी असली की सोवळे आपोआप सैल होते, याचा दाखला औषधाच्या बाटलीत मिळतो. मधुमेहाचे इन्शुलिन अनेक दशके गाई-बैलांच्या आणि डुकरांच्या स्वादुपिंडातून काढले जात असे, आणि ज्यांना यांपैकी एक किंवा दोन्ही प्राणी निषिद्ध होते, त्या सर्व धर्मांच्या रुग्णांनी ते निमूटपणे टोचून घेतले. 1982 साली माणसाचे जनुक जिवाणूत बसवून केलेले इन्शुलिन अमेरिकेत मान्य झाले, तेव्हा जनुकीय अभियांत्रिकीने एका फटक्यात गाय आणि डुक्कर दोघांनाही या पापातून सोडवले. आता माणसाचे जनुक आतड्यातील जिवाणूच्या कुटुंबात नांदायला जाते, तरी हा संकर कोणाला खटकत नाही. प्राण वाचवणाऱ्या संकराला औषध म्हणतात.

2022 च्या मार्चमध्ये केंद्राने या सोवळ्याला नियमाचेही रूप दिले. जनुकसंपादन, म्हणजे बाहेरचे जनुक न आणता पिकाच्या स्वतःच्याच जनुकात नेमक्या जागी काटछाट करणे, अंतिम रोपात परके जनुक उरले नसेल तर जनुकीय पिकांच्या कडक नियमांतून वगळण्यात आले, आणि मे 2025 मध्ये ‘कमला’ व ‘पुसा डीएसटी राइस 1’ हे असे दोन भातवाण जाहीर झाले. वैज्ञानिक दृष्टीने या भेदाला आधार आहेच. पण त्याचा सांस्कृतिक आशय अधिक रंजक आहे. पिकात जनुक स्वगोत्रातले असले पाहिजे आणि घरात सून परगोत्रातली, असा आता उभयपक्षी नियम ठरला आहे.

सगोत्र विवाह निषिद्ध मानून आपल्या ऋषींनी आनुवंशिकी आधीच ओळखली होती, असे लग्नाच्या बैठकीत ठामपणे सांगितले जाते. वीस पिढ्यांपूर्वीच्या एका पूर्वजाचा आजच्या वंशजातील वाटा सरासरीने दहा लाखांत एक एवढाही भरत नाही, आणि वसिष्ठ किंवा कश्यप हे वीस पिढ्यांपूर्वीचे नव्हेत. त्यामुळे या निषेधाला आनुवंशिकीने काही भर घातलेली नाही, आणि कायद्याने तर 1946 सालीच सगोत्र विवाह वैध करून टाकला. गंमत अशी, की ज्या महाराष्ट्रात लग्नाला दोन हजार वर्षांपूर्वीचा ऋषी आड येतो, त्याच महाराष्ट्रात अनेक समाजांत मामाच्या मुलीवर भाच्याचा पहिला हक्क मानला जात आला, आणि मामे-आते भावंडांत आनुवंशिक द्रव्याचा सरासरी आठवा हिस्सा समान असतो. म्हणजे दहा लाखांतला एक भाग दोष ठरला आणि आठातला एक भाग जिव्हाळा. पत्रिकेतील ‘एकनाड’ हा दोष म्हणजे वधूवरांचा रक्तगट एक असणे, असे आधुनिक भाषांतर करून देणारेही पुष्कळ आहेत. नाडी जन्मनक्षत्रावरून ठरते आणि रक्तगट आईबापांवरून, ही बारीक अडचण त्यांना जाणवत नाही.

खरी आनुवंशिकी या विषयावर काय म्हणते, ते मात्र बैठकीत कोणी काढत नाही. हैदराबादच्या सीसीएमबी या पेशी व रेणवीय जीवशास्त्राच्या केंद्रातील शास्त्रज्ञांनी हार्वर्डच्या संशोधकांसह 2013 साली दाखवून दिले, की सुमारे 4200 ते 1900 वर्षांपूर्वीच्या काळात भारतातील लोकसमूह एकमेकांत सर्रास मिसळत होते आणि त्यानंतर ते आपापल्या कुंपणात बंद झाले. 2017 सालच्या अभ्यासात दक्षिण आशियातील 263 समूह तपासले गेले, आणि त्यांपैकी 81 समूहांत थोड्याच मूळपुरुषांपासून वंश वाढल्याच्या खुणा युरोपातील ज्यू किंवा फिनलंडच्या लोकांपेक्षाही तीव्र आढळल्या. अशा समूहांत दबून राहिलेले आनुवंशिक रोग डोके वर काढण्याचा धोका अधिक असतो. जातीतच लग्न करणे, ज्याला समाजशास्त्रात अंतर्विवाह म्हणतात, हा अशा रीतीने दोन हजार वर्षे चाललेला, कोणत्याही नैतिक समितीची परवानगी न घेतलेला जनुकीय प्रयोग ठरतो. गडचिरोली आणि नंदुरबारच्या आदिवासी भागांत सिकलसेल या रक्तपेशी विळ्यासारख्या वाकवणाऱ्या आजाराचे वाहक तपासून कार्डे दिली जातात, आणि दोन वाहकांनी लग्न केल्यास प्रत्येक अपत्याला आजार होण्याची शक्यता चारात एक असते, हे तेथील आरोग्यसेविका समजावून सांगते. छत्तीस गुण जुळवणाऱ्यांना तिच्याकडून एक सदतिसावा गुण शिकता येईल.

प्राचीन विज्ञानाचा अभिमान अलीकडे थेट प्रयोगशाळेपर्यंत पोचला आहे. 2014 साली मुंबईत एका रुग्णालयाच्या उद्घाटनात पंतप्रधानांनी कर्णाच्या जन्मामागे जनुकशास्त्र असले पाहिजे, असे सांगितले. 2019 च्या भारतीय विज्ञान काँग्रेसमध्ये आंध्र विद्यापीठाच्या कुलगुरूंनी कौरव हे मूलपेशी आणि परीक्षानळीच्या तंत्रातून जन्मले, असे प्रतिपादन केले. हे मान्य करायचे तर पुढचेही मान्य करावे लागते. गांधारीच्या मांसगोळ्याचे व्यासांनी तुपाच्या भांड्यांत तुकडे ठेवले, तेव्हा शंभर मुलगे आणि एक मुलगी निपजली. एवढा मोठा प्रयोग करताना अपयशी अपत्यांची जबाबदारी कोणाची, हे आधी ठरवले नव्हते, आणि त्याचा हिशेब कुरुक्षेत्रावर करावा लागला.

शंभरास एक हे प्रमाण ऐकूनही ज्यांना काही वाटत नाही, त्यांच्यासाठी पुंसवन हा सोळा संस्कारांपैकी एक संस्कार आहे. गर्भधारणेनंतर दुसऱ्या-तिसऱ्या महिन्यात, पुत्र व्हावा म्हणून तो करतात, आणि त्याचे पाठ काही वर्षांपूर्वीपर्यंत राज्यातील आयुर्वेदाच्या पदवी अभ्यासक्रमात असल्याबद्दल तक्रारही झाली होती. गर्भाचे लिंग पित्याच्या शुक्रपेशीतील एक्स किंवा वाय गुणसूत्रावरून गर्भधारणेच्या क्षणीच ठरते, हे बाजूला ठेवले, तरी तत्त्व लक्षात घेण्याजोगे आहे: पोटातला जीव मागणीबरहुकूम बदलून घेण्याला परंपरेचा मुळात विरोध नाही, फक्त मागणी मुलग्याची पाहिजे. 2020 साली सम तिथीला संग केल्यास मुलगा आणि विषम तिथीला केल्यास मुलगी, असे एका लोकप्रिय कीर्तनकारांनी सांगितल्याचे प्रकरण न्यायालयापर्यंत गेले, तेव्हा त्यांच्या समर्थनार्थ मोर्चेही निघाले.

गर्भलिंगनिदानावर बंदी घालणारा कायदा देशात सर्वप्रथम महाराष्ट्राने 1988 साली केला, केंद्राचा 1994 साली आला, आणि तरीही 2011 च्या जनगणनेत बीड जिल्ह्यात सहा वर्षांपर्यंतच्या दर हजार मुलग्यांमागे 807 मुली उरल्या. दहा वर्षांपूर्वी त्या 894 होत्या. अकाल तख्ताने 2001 सालीच स्त्रीभ्रूणहत्येविरुद्ध हुकूमनामा काढून असे करणाऱ्याशी संबंध तोडण्यास शिखांना सांगितले होते. महाराष्ट्रातील मठाधिपतींनी, पीठाधीशांनी आणि कीर्तनकारांनी तशी एक स्पष्ट आज्ञा येत्या चातुर्मासात काढावी. वांग्यावरची स्थगिती त्यांना हवी असल्यास खुशाल चालू ठेवावी.