शेपटी सडवण्याची आणि पुन्हा उगवण्याची कृती (हुडकेश्वरच्या नवशिक्यांसाठी)

साहित्य: काचेचा एक गोल बाऊल, नऊ गोल्डफिश (आठ सोनेरी, एक काळा) आणि उत्साह. नऊ हा आकडा वास्तूवाल्यांचा. बाऊलमध्ये पाणी किती लिटर मावतं, हे त्यांना विचारू नये, त्यांचा तो विषय नाही. नऊही मासे पहिल्याच दिवशी सोडावेत. मासा कल्ल्यांतून अमोनिया सोडतो आणि तो पचवणारे जिवाणू फिल्टरच्या स्पंजवर घर करायला चार ते सहा आठवडे घेतात. तुम्ही तेवढं थांबलात तर रोग कसा होणार?

खाणं सढळ हाताने द्या. दोन मिनिटांत संपेल एवढंच, दिवसातून एकदा, हा नियम शिस्तीच्या लोकांसाठी आहे. पाहुण्यांच्या पोरांनी चिमूटभर शेवही टाकू द्यावी. पोट्टे खूश, मासे खूश, तळाशी सडणारी शेवही खूश.

आता रविवार. सगळं पाणी ओता, गोटे आणि स्पंज नळाखाली खसाखसा चोळा. महिनाभरात जमलेले उपकारी जिवाणू असे दहा मिनिटांत मोरीत जातात. मग बाऊल भरा. २०१३ साली हुडकेश्वर-नरसाळा नागपूर महापालिकेत आलं, तरी बोअरची सवय सुटलेली नाही, त्यामुळे निवडीला वाव आहे. नळाच्या पाण्यात क्लोरीन असतं, बोअरच्या पाण्यात क्षार. हे मे महिन्यात करावं, भर दुपारी, छतावरच्या टाकीतल्या पाण्याने. २०१३ च्याच मे महिन्यात नागपूरचा पारा ४७.९ वर गेला होता. तापल्या पाण्यात प्राणवायू कमी राहतो आणि अमोनिया जास्त विखारी होतो.

दहा-बारा दिवसांत फळ दिसेल. शेपटीची कड आधी दुधाळ होते, मग झिजलेल्या पोतेऱ्यासारख्या दशा सुटतात, कधी मुळाशी लाल रेघ उमटते. एरोमोनास, स्युडोमोनास हे जिवाणू प्रत्येक टाकीत असतातच, धडधाकट माशाला ते काही करत नाहीत. आपण माशाला अर्धमेला करून दिला, एवढाच त्यांना आपला हातभार.

निदान करताना घाई नको. टायगर बार्बसारख्या खोडकर शेजाऱ्याने शेपूट तोडली असेल तर तुकडा साफ कापल्यासारखा दिसतो, कड पांढरी नसते. तोंडाभोवती कापूस आणि पाठीवर खोगिरासारखा फिका डाग दिसला, तर त्याला बुरशी समजून निवांत बसू नका. तो कॉलमनारिस, जिवाणूच. आणि आपल्या उन्हाळ्यात तो एक-दोन दिवसांत मासा नेतो. अंग फुगून खवले सीताफळासारखे उभे राहिले, तर खरं सांगतो, बहुतेक वेळा उशीर झालेला असतो. आणि एखादा मासा मेलाच, तर घरावरचं संकट त्याने अंगावर घेतलं असं म्हणण्याची सोय आहे. फारच उपयोगी निदान. यात पाणी तपासावं लागत नाही.

उपचारांची सुरुवात शेजाऱ्यापासून होते. आमच्या शेजारचे काका कुंपणावरून म्हणाले, "हळद टाक न त्याच्यात. काहून घाबरतं?" दुकानात निळ्या औषधाची बाटली मिळाली. मिथिलीन ब्लू बुरशीवर बरं, इथे त्याचा फारसा उपयोग नाही. माझी बोटं मात्र तीन दिवस मतदान करून आल्यासारखी दिसत होती. मग टेट्रासायक्लिनची कॅप्सूल. ही बोअरच्या पाण्यातच टाकावी: त्यातलं कॅल्शियम औषधाला धरून बसतं आणि पैसे पाण्यात हा वाक्प्रचार शब्दशः अनुभवता येतो. शेपटीला जरा बरं वाटताच डोस मध्येच सोडा, म्हणजे उरलेले जिवाणू औषधाला सरावतील.

एवढं करूनही मासा जिवंत असेल तर (माझा होता, चिवट लेकाचा) नाइलाजाने कंटाळवाणा मार्ग धरावा. आजारी मासा वेगळ्या बादलीत ठेवा, हवेची मोटर चालू. खडे मीठ, लिटरला १ ते ३ ग्रॅम, आधी मगात विरघळवून, थोडं थोडं. कोरीडोरससारख्या कॅटफिशला मीठ सोसत नाही, त्याच्यावर हा प्रयोग नको. रोज चौथा हिस्सा पाणी बदलायचं, क्लोरीन मारणारे थेंब टाकून, बादलीतल्या पाण्याइतकंच गार-गरम. स्पंज धुवायचाच तर टाकीतल्या जुन्या पाण्यात पिळायचा. हीटर लावा असा थंड मुलखातला सल्ला कोणी दिला तर त्याला मे महिन्यात हुडकेश्वरला बोलवा. इथे बादलीवर टेबलफॅन सोडला की पाणी उडून दोन-तीन अंश उतरतं. आणि आठ दिवसांत फरक नसेल तर नागपुरातच मत्स्यविज्ञान महाविद्यालय आहे. काकांच्या आधी तिथे विचारायला हरकत नव्हती.

बाऊल मी पोह्यांच्या डब्याशेजारी ठेवून दिला, रिकामा. नव्या टाकीत मासे तीनच. बाकीच्यांचं विचारू नका.

नवव्या दिवशी रात्री मोबाइलचा टॉर्च बादलीत मारला. झिजलेल्या दशांपुढे दुधावरच्या सायीसारखी पातळ, पण पारदर्शक कड आली होती, जेमतेम नखाच्या जाडीएवढी. नवी शेपटी आधी बिनरंगाची येते, रंग मागून भरतो. सड मुळापर्यंत गेली असती तर तीही आली नसती. काकांना हाक मारून दाखवली. त्यांनी चष्मा कपाळावर ढकलला, बादलीत वाकून पाहिलं.

"पाह्य! म्या सांगतलं होतं न तुले, हळद टाक म्हून!"