न बोलणारा माणूस

"काकू, कढीपत्त्याच्या दोन काड्या द्या ना भिंतीवरून."

"घे गं. काल रात्री कसला आवाज चालला होता तुमच्याकडे?"

"काय सांगू! चिरंजीवांचं चित्रकलेच्या कॉलेजात नाव लागलं नाही. आता म्हणतो, पेपरात व्यंगचित्रं काढणार. सासूबाई कडाडल्या, पुढाऱ्यांची नाकं लांब करून पोट भरतं का?"

"आणि तुझे हे?"

"गप्प. नेहमीसारखे."

"भरतं म्हणावं पोट! आर. के. लक्ष्मण घे. मुंबईच्या जे.जे. स्कूल ऑफ आर्टनं प्रवेश नाकारला होता त्यांना. पुढे नाव झाल्यावर त्याच जे.जे.त प्रमुख पाहुणे म्हणून गेले!"

"अगंबाई! मग शिकले कुठं?"

"म्हैसूरला बी.ए. झाले आणि मुंबई गाठली. फ्री प्रेस जर्नलमध्ये सोबतीला कोण, तर बाळासाहेब ठाकरे."

"'मार्मिक'वाले?"

"तेच. पण 'मार्मिक' साप्ताहिक १९६० चं, ही त्याआधीची गोष्ट. मालक म्हणाले, कम्युनिस्टांची थट्टा नको. लक्ष्मण उठले आणि चालते झाले. १९४७ ला टाइम्स ऑफ इंडियात शिरले, ते पन्नासहून जास्त वर्षं तिथंच."

"रोज नवं सुचायचं तरी कसं?"

"तेच तर अवघड! सकाळी ऑफिसात बसून आधी ढीगभर पेपर वाचायचे. कल्पना सुचेपर्यंत तास न् तास जायचे. सुरुवातीला चित्रात बंगाली, मद्रासी, पंजाबी, सगळी गर्दी काढत. पण पेपर छपाईला जायची घाई! मग एकेक माणूस गळत गेला आणि शेवटी उरला एकच. धोतर, चौकटीचा कोट, टक्कल, कानांवर केसांचे दोन झुपके."

"कॉमन मॅन! सिंबायोसिसमध्ये पुतळा आहे तो."

"तोच. १९५१ पासून 'यू सेड इट'मध्ये रोज हजर, आणि एक शब्द बोलायचा नाही. मंत्री बोलतात, साहेब बोलतात, त्याची बायकोसुद्धा बोलते. हा नुसता बघतो. आणि त्याचं बघणंच पुढाऱ्यांना झोंबायचं."

"हुश्श! हा कावळा बघा काकू, पोळीवरच डोळा."

"असू दे गं. लक्ष्मणांना कावळ्याचं भारी वेड होतं. हिरवं झाड असो की निळं आभाळ, तो काळाकुट्ट कसा उठून दिसतो, म्हणायचे. २००३ मध्ये अर्धांगाचा झटका आला, डावी बाजू गेली, तरी उजव्या हातानं काढत राहिले. गेले आपल्या पुण्यातच, २०१५ च्या २६ जानेवारीला."

"म्हणजे पोराला करू द्यावं म्हणता? अहो, ऐकलंत का, काकू काय म्हणताहेत?"

व्हरांड्यातला पेपर चार बोटं खाली आला. चष्मा दिसला, कानांवरचे दोन झुपके दिसले. पेपर पुन्हा वर गेला.

काकू पदर तोंडाला लावून हसल्या. "पोराला म्हणावं, कॉलेज गेलं खड्ड्यात. कागद घे आणि बापासमोर बस!"