आडव्या बापाची थोरवी

मुलीच्या प्रेमात ढवळाढवळ करणाऱ्या बापाला लोक उगाच नावं ठेवतात. प्रेम तडीला जायचं असेल तर बाप आडवाच हवा. पटत नसेल त्यानं बस्टर कीटनचा १९२३ सालचा मूकपट ‘अवर हॉस्पिटॅलिटी’ पाहावा.

काळ १८३०च्या सुमाराचा, मुलूख अमेरिकेच्या दक्षिणेचा. मॅके आणि कॅनफिल्ड घराण्यांत पिढीजात हाडवैर. न्यूयॉर्कमध्ये वाढलेला विली मॅके वडिलोपार्जित मालमत्ता ताब्यात घ्यायला निघतो. आगगाडीत भेटलेली मुलगी त्याला घरी जेवायला बोलावते. ती निघते कॅनफिल्डांची लेक.

शहाण्या बापानं पाहुण्याला वाढलं असतं, ‘मागाहून कळवतो’ म्हणून वाटेला लावलं असतं, आणि प्रकरण तिथंच थंडावलं असतं. जोसेफ कॅनफिल्ड मात्र तत्त्वाचा पक्का. पाहुणा आपल्या छपराखाली आहे तोवर त्याच्या केसालाही धक्का लागता कामा नये, असं तो पोरांना बजावतो. उंबऱ्याबाहेर पडला की मग खुशाल गोळी घालावी. हे कानावर पडल्यावर विली कशाला घर सोडतोय? जेवणाआधीच्या प्रार्थनेला सगळ्यांच्या माना खाली, पण नजरा एकमेकांवर. विलीचा पाय दाराबाहेर पडला की पिस्तुलं निघतात, आत आला की परत कमरेला जातात. धो धो पाऊस लागतो, जेवायला आलेले पाद्रीबुवा मुक्कामाला राहतात आणि त्यांच्या आधारानं विलीही. मुलीचा इतका सहवास कुठल्या मध्यस्थानं मिळवून दिला असता?

धिप्पाड जो रॉबर्ट्सनं हा बाप उभा केला आहे. त्याला खलनायक म्हणणं अन्यायाचं आहे. बाप-लेक हात धुऊन मागे लागले म्हणून विली नदीत सापडतो. त्याच्यामागे निघालेली मुलगी धबधब्याच्या टोकाला पोचते आणि हा दोराला लोंबकळत, झोका घेऊन तिला अधांतरी झेलतो. मुलाचं घरदार आणि मिळकत पाहून एवढी पारख झाली नसती.

बाप परततो तेव्हा पाद्रीबुवांनी लग्न उरकलेलं असतं. शेजाऱ्यावर प्रेम करायला सांगणारी भिंतीवरची चौकट त्याला दिसते आणि तो पिस्तूल खाली ठेवतो. मग जावईही अंगावर दडवलेली पिस्तुलं एकेक करून काढून ठेवतो.

म्हणून मुलींच्या बापांनी जरूर आडवं यावं. फक्त दारी आलेल्याला जेवू घालण्याचा नेम मोडू नये, आणि अक्षता पडल्यावर हत्यार खाली ठेवायला उशीर करू नये.