ना तळ्यात, ना मळ्यात

आमच्या निगडी प्राधिकरणात दिवसाआड पाणी येतं, त्यामुळे गप्पाही दिवसाआडच रंगतात. पाण्याच्या दिवशी टाक्या भरायची घाई. बिनपाण्याच्या दिवशी मात्र कंपाउंडच्या भिंतीवर कोपर टेकायला सवड असते. आमच्या आणि नानांच्या बंगल्यामधली भिंत छातीएवढी आहे. त्यांचा कढीपत्ता आमच्याकडे वाकलाय, आमची जास्वंद त्यांच्याकडे. सरहद्द म्हणायची ती एवढीच.

त्या दिवशी मुख्य विषय होता कोपऱ्यावरचं जांभूळ. नऊ नंबरवाल्यांच्या नव्या गाडीवर जांभळं पडून डाग पडतात, म्हणून त्यांना झाड तोडायला हवंय. अकरा नंबरवाल्या बाई म्हणतात, झाडाला हात लावाल तर याद राखा. दोघांचे सह्यांचे कागद गल्लीत फिरताहेत.

"नाना, तुमची सही कोणत्या कागदावर?" मी विचारलं.

"ताई, आपण तटस्थ. ना तळ्यात, ना मळ्यात."

"तटस्थ कसले?" वहिनी आतून कोथिंबिरीची जुडी घेऊन आल्या. "नऊ नंबरला फांद्या तोडायला आपली शिडी द्यायचं कबूल केलंय ह्यांनी. आणि अकराच्या बाईंना महापालिकेच्या उद्यान विभागाचा फोन नंबर कुणी दिला? ह्यांनीच!"

नाना हसले. "अगं, आयुष्यभर स्वीडिश कंपनीत नोकरी केली. थोडं अंगात मुरणारच."

नाना चिंचवडच्या एसकेएफमधून निवृत्त झाले. बेअरिंगचा कारखाना. मुलगा-सून गोथेनबर्गला असतात आणि वहिनी थंडीचे तीन महिने तिथे राहून आल्या. तेव्हापासून आमच्या गल्लीत स्वीडन हा देश चाकणपेक्षा जवळ आलाय.

"अहो ताई, तुम्हाला सांगायचं राहिलंच," वहिनी कोथिंबीर निवडता निवडता म्हणाल्या. "डिसेंबरातला पहिला सोमवार. दुपारी तीनला मी पोह्यांना फोडणी टाकत होते आणि बाहेर भोंगा वाजायला लागला. मला वाटलं दुसऱ्या पाळीचा असेल. मग आठवलं, इथे कुठली पाळी? हातातला झारा खाली! सून म्हणते, आई, घाबरू नका, चाचणी आहे. वर्षातून चारदा, मार्च, जून, सप्टेंबर आणि डिसेंबरच्या पहिल्या सोमवारी वाजवतात."

"युद्धाचा भोंगा?"

"युद्धाचा, संकटाचा, सगळ्याचा. आणि त्यांच्या इमारतीच्या तळघराच्या दाराशी भगव्या चौकोनात निळा त्रिकोण रंगवलेला. मी आपली समजले, सायकलींचं पार्किंग. सायकली होत्याही तिथे. पण तो त्रिकोण म्हणजे बाँबपासून लपायची जागा! असे 64 हजारांच्या आसपास आसरे आहेत म्हणे देशभर. 70 लाख माणसं मावतील एवढे."

"आणि देशाची वस्ती एक कोटीच्या थोडी वर," नानांनी हिशोब पुरा केला. "म्हणजे दहातल्या साडेसहा-सात माणसांना जागा."

मी इतिहासाची बाई, तीस वर्षं शाळेत शिकवलेलं, त्यामुळे गप्प बसवेना. "पण नाना, स्वीडन म्हणजे दोनशे वर्षं न लढलेला देश. शेवटचं युद्ध 1814 साली, नॉर्वेशी. त्यांना तळघरं कशाला?"

"न लढण्यासाठीच!" नाना म्हणाले. "ताई, इथंच सगळ्यांची गफलत होते. तटस्थ म्हणजे हातावर हात ठेवून बसलेला, असं लोक समजतात. अहो, बाजू न घेणाऱ्याच्या मदतीला कुणी येत नाही. मग सगळं स्वतःच करावं लागतं. एवढासा देश, पण लढाऊ विमानं स्वतः बनवतो. तोफा स्वतः बनवतो."

"आणि आपल्याला विकतो," मी म्हटलं. "1986 ला बोफोर्सच्या 410 तोफांचा करार झाला आणि त्यावर इथली सरकारं हादरली."

"कारगिलला त्याच उपयोगी पडल्या की नाही? पण मुद्दा तुमचा बरोबर. शांततेचा देश तोफा का विकतो? कारण फक्त स्वतःच्या सैन्यापुरत्या तोफा करायच्या म्हटलं तर कारखाना परवडत नाही. तटस्थपणा फुकटात मिळत नाही, ताई. त्याचं बिल येतं."

वहिनींनी कोथिंबिरीच्या काड्या कुंडीत टाकल्या. "पण हे आलं कुठून त्यांच्या डोक्यात? मुळातच शांत स्वभावाचे का?"

"छे हो," मी म्हटलं. "एके काळी अर्धा बाल्टिक समुद्र त्यांच्या धाकात होता. मग 1809 ला रशियाने फिनलंड काढून घेतला. सुमारे एक तृतीयांश राज्य गेलं. राजा म्हातारा, वारस नाही. तेव्हा त्यांनी काय करावं? नेपोलियनचा एक सरदार, बर्नादोत, दत्तक घेतला!"

"दत्तक? आपल्यासारखा?"

"आपल्यासारखाच. आजही त्याचंच घराणं गादीवर आहे. लोकांना वाटलं, हा शूर सेनापती फिनलंड परत मिळवून देईल. त्याने उलट रशियाशी जुळवून घेतलं, फिनलंडवर पाणी सोडलं आणि पुढे 1834 साली इंग्लंड-रशियाच्या भांडणात आम्ही कुणाचेच नाही, असं कळवून टाकलं. हरलेल्या माणसाचं ते शहाणपण होतं. अंगाशी आलं म्हणून सुचलं."

"आणि पुढे त्याचाच दागिना केला," नाना म्हणाले. "शंभर वर्षं गेली, दोन महायुद्धं गेली, अंगावर ओरखडा नाही. मग पोरांना शाळेत शिकवायला लागले, आम्ही कोण? तर आम्ही न लढणारे. धोरण होतं, त्याचा स्वभाव झाला. ऑस्ट्रियाने 1955 ला तटस्थतेचा कायदा केला, तो दिवस, 26 ऑक्टोबर, त्यांचा राष्ट्रीय सण. स्वित्झर्लंडची तटस्थता 1815 ला मोठ्या राष्ट्रांनी लिहून दिलेली. पण स्वीडनच्या राज्यघटनेत तटस्थतेबद्दल काहीच नाही. कागदावर कुठे नाही, आणि मनात मात्र पक्की."

"अंगावर ओरखडा नाही, ते कसं काय पण?" वहिनींनी नेमकं धरलं. "हिटलरने शेजारचा नॉर्वे घेतला, डेन्मार्क घेतला. यांनाच का सोडलं?"

नानांनी भिंतीवरची धूळ हाताने साफ केली. हे ते कारखान्यातल्या पोरांना काही समजावून सांगताना करत असणार. "त्याचं एक उत्तर माझ्या कंपनीच्या इतिहासात आहे. बेअरिंगशिवाय रणगाडा हलत नाही, विमान उडत नाही. गोथेनबर्गची बेअरिंगं जर्मनीला हवीत आणि इंग्लंडलाही हवीत. मग दोघांनाही जात होती. इंग्रज लाकडी मॉस्किटो विमानातून ती चोरून घेऊन जायचे, जर्मनांच्या डोक्यावरून. शिवाय जर्मनीत श्वाइनफुर्टला याच समूहाचा मोठा कारखाना. अमेरिकेने 1943 च्या ऑगस्टमध्ये आणि ऑक्टोबरमध्ये त्या गावावर बाँब टाकले."

"म्हणजे शिडी एकाला, फोन नंबर दुसऱ्याला," वहिनी म्हणाल्या.

मी हसू दाबलं. "लोखंडाचं खनिज तर जर्मनीला जातच होतं. 1941 ला जर्मनांची एक अख्खी डिव्हिजन नॉर्वेहून फिनलंडला जायची होती, तिला आपल्या रेल्वेतून जाऊ दिलं. पण 1943 ला डेन्मार्कमधले सात हजारांवर ज्यू होड्यांमधून पळून आले, तेव्हा त्यांना आसराही यांनीच दिला. दोन्ही खरं आहे."

"तटस्थ माणसाच्या घराला पुढचं दार असतं आणि मागचंही," वहिनी म्हणाल्या.

"मागचं दार म्हणजे सगळं वाईटच असं नाही, वहिनी. आपल्या मुरगावची गोष्ट ऐका. तेव्हा गोवा पोर्तुगालचा आणि पोर्तुगाल तटस्थ. म्हणून तिथे जर्मनांची एहरेनफेल्स वगैरे जहाजं आसऱ्याला नांगरलेली. 1943 च्या मार्चमध्ये कलकत्त्याहून आलेल्या, बरेचसे उतारवयातल्या इंग्रज साहेबांनी रात्रीतून त्यावर हल्ला चढवला. तटस्थ बंदराची अब्रू गेली. पण त्याच बंदरात त्याच ऑक्टोबरात काय झालं? ग्रिप्सहोम नावाचं स्वीडिश जहाज आलं. पांढरं शुभ्र, बाजूंवर देशाचं नाव मोठ्या अक्षरात, रात्री दिवे लावून चालणारं, म्हणजे कुणी चुकून बुडवू नये. त्यात अमेरिकेत अडकलेले जपानी. समोरून जपानी जहाज आलं, त्यात जपानकडे अडकलेले अमेरिकन आणि कॅनडाचे लोक. इकडचे दीड हजार तिकडे, तिकडचे दीड हजार इकडे. लढणाऱ्या दोघांना एकमेकांची माणसं परत द्यायला जागा लागते, वाहन लागतं. जागा एका तटस्थाची, जहाज दुसऱ्याचं."

"आपल्या गोव्यात?" वहिनींचा हात थांबला. "हे कधी कुणी सांगितलं नाही."

"पाठ्यपुस्तकात नाही."

पलीकडून नऊ नंबरवाल्यांची गाडी गेली. नानांनी हात केला. पाच मिनिटांनी अकराच्या बाई पिशवी घेऊन गेल्या. नानांनी तेवढाच हात केला. अगदी मापून.

"मग आता नेटोत का गेले?" मी विचारलं. "दोनशे वर्षांचं सोवळं एका दिवसात सुटलं?"

"फेब्रुवारी 2022. रशिया युक्रेनमध्ये घुसला. मे महिन्यात स्वीडन आणि फिनलंड दोघांनी मिळून अर्ज दिला. सार्वमत नाही, काही नाही. फिनलंड 4 एप्रिल 2023 ला आत गेला. यांना तुर्कस्तान आणि हंगेरीने लटकवलं, ते 7 मार्च 2024 ला बत्तिसावे सदस्य झाले. मुलगा सांगत होता, ऑफिसातली म्हातारी माणसं त्या दिवशी गप्प होती. एक जण म्हणाला, बरोबर केलं, पण आता आम्ही कोण ते सांगायला नवीन वाक्य शोधावं लागेल."

"त्या पुस्तिकेचं सांगा ना ह्यांना," वहिनी म्हणाल्या आणि स्वतःच सांगायला लागल्या. "2024 च्या नोव्हेंबरात सरकारने घरोघरी एक पुस्तिका टाकली. संकट आलं, युद्ध आलं तर काय करायचं. पाणी किती साठवायचं, कोरडा शिधा किती, वीज गेली तर उबेला काय. मी सुनेला म्हटलं, पाणी साठवायचं प्राधिकरणातल्या बाईला काय शिकवता!"

"आणि त्यात एक गोष्ट आहे," नाना म्हणाले. "आशय असा की, आपल्यावर हल्ला झाला आणि प्रतिकार थांबवा अशी बातमी कानावर आली, तर ती खोटी समजायची."

मला एकदम आपलं चाकण आठवलं. 1660. संग्रामदुर्ग, एवढासा भुईकोट. शाहिस्तेखानाची फौज बाहेर, आत फिरंगोजी नरसाळा मूठभर माणसांनिशी. दीड महिन्याच्या वर झुंजला. सुरुंगाने बुरूज उडाला तेव्हा गड गेला. खानाने चाकरी देऊ केली, ती त्याने नाकारली. आज त्या किल्ल्याच्या आसपास गाड्यांचे कारखाने आणि कंटेनरच्या रांगा. मी ते बोलून दाखवलं, तर नाना मान हलवत म्हणाले, "फिरंगोजीची बाजू ठरलेली होती, ताई. स्वीडनला ती ठरवायला दोनशे वर्षं लागली."

"मग तुमचं काय मत? चुकले की बरोबर?"

नाना थोडं थांबले. "मी तुम्हाला कारखान्यातलं सांगतो. आमच्या कंपनीचा जन्म 1907 चा. गोथेनबर्गच्या कापडगिरणीत विंगक्विस्ट नावाचा इंजिनिअर होता. खालची जमीन चिकणमातीची, सारखी सरकायची. शाफ्ट वाकडा व्हायचा आणि बेअरिंगं जळायची. त्याने काय केलं? बेअरिंगच्या बाहेरच्या रिंगला आतून वाटीसारखा गोलावा दिला, छर्र्यांच्या दोन ओळी बसवल्या. आता शाफ्ट थोडा कलला, तरी आतली रिंग त्याच्याबरोबर कलते, अडत नाही. सेल्फ-अलाइनिंग म्हणतात त्याला. मला वाटतं, आपण नेहरूंच्या काळापासून नॉन-अलाइन्ड म्हणायचो आणि समजायचो की स्वीडन आपल्यासारखाच. तो तसा नव्हता. तो सेल्फ-अलाइनिंग होता. जमीन सरकली की थोडा कलायचा. 1941 ला जर्मनीकडे, 1943 ला दोस्तांकडे, 2022 ला नेटोकडे. गंमत अशी की लोक त्या कलण्याला कधीच कलणं म्हणाले नाहीत. तटस्थ म्हणाले."

"म्हणजे ओळख खोटी होती?"

"खोटी का? बेअरिंग फिरत राहिलं ना! पण ओळख म्हणून जे मिरवलं ते न हलणं होतं. आणि ज्याच्यावर निभावलं ते होतं हलता येणं."

मी म्हटलं, "त्याहून मोठी गोष्ट सांगू? शीतयुद्धात सगळं जग त्यांना तटस्थ म्हणत होतं, आणि त्यांचं सरकार आतून गुपचूप नेटोच्या देशांशी तयारी करत होतं. युद्ध पेटलंच तर मदत कशी घ्यायची, कुणाशी बोलायचं, याची. 1994 ला सरकारी चौकशीचाच अहवाल आला तेव्हा लोकांना कळलं. बाहेर तटस्थ, आत सही झालेली."

वहिनी कोथिंबिरीकडे बघत होत्या. फारच लक्ष देऊन.

"काय गं?" नानांनी विचारलं.

"काही नाही. अकराच्या बाई मागच्या सोमवारी आल्या होत्या. तुम्ही औंधला बँकेत गेला होतात." वहिनींनी निवडलेली जुडी कागदात गुंडाळली. "जांभूळ राहू द्या, फांद्या तेवढ्या महापालिकेकडून छाटून घ्या, असं लिहिलं होतं कागदावर. मी सही केली."

"अगं, पण आपण तटस्थ..."

"तुम्ही तटस्थ. घर नाही."

मी जास्वंदीची सुकलेली पानं काढण्यात गुंतल्याचं दाखवलं. नाना जरा वेळ उभे राहिले. मग काही न बोलता मागच्या अंगणात गेले. तिथे भिंतीला टेकवलेली शिडी त्यांनी खांद्यावर घेतली आणि आत नेऊन ठेवली. दाराला कडी लागल्याचा आवाज आमच्या बाजूलाही ऐकू आला.