मधलं पद

आमच्या गल्लीत सरांना नावाने कोणी ओळखत नाही. ‘दोन-एबी सर’ म्हटलं की रिक्षावालाही नेमका दारात आणून सोडतो.

31 वर्षं सर आठवीला बीजगणित शिकवत होते. आम्हा पोरांना कंसाचा वर्ग म्हणजे पोरखेळ वाटायचा. आतल्या दोघांच्या डोक्यावर एकेक बारीक 2 ठेवायचा आणि कंसाचा वध करायचा. ए अधिक बीचा वर्ग? ए वर्ग अधिक बी वर्ग! सर वही हातभर लांब धरत आणि शांतपणे विचारत, “मधलं पद कोणी खाल्लं?”

छडी परवडली असती, त्यापुढची उलटतपासणी नको.

“3 अधिक 4?”

“7.”

“त्याचा वर्ग?”

“49.”

“आणि तुझे 9 नि 16 मिळून?”

“25.”

“म्हणजे 24 गायब. तीन चोक बारा, बारा दुणे चोवीस. बँकेत लागलास तर तुरुंगात जाशील.”

मी बँकेतच लागलो. अजूनही रोकड जुळेना की घसा कोरडा पडतो.

सर निवृत्त झाले, पण त्यांची शोधमोहीम काही थांबली नाही. शेजाऱ्यांनी 10 बाय 10 फुटांचा ओटा लांबी-रुंदीत 2-2 फूट वाढवायला काढला आणि 104 चौरस फुटांच्या फरश्या सांगितल्या. गवंडी म्हणाला, “सायेब, कोपरा भरंल, बाजू कोन भरनार? 144 लागतील.” सरांनी त्याला घरी नेऊन चहा पाजला. वर आम्हाला ऐकवलं, “याला फरशी बसवायची असते, म्हणून हा चुकत नाही. तुम्हाला नुसतं उत्तर लिहायचं असतं!”

या बाबतीत सरांचे साक्षीदारही भारदस्त. युक्लिडने आपल्या दुसऱ्या पुस्तकाच्या चौथ्या प्रमेयात चौरसाचे असेच चार तुकडे पाडलेत. आणि भास्कराचार्यांचं नाव घेताना तर सरांची छाती फुगते. 1150 च्या ‘लीलावती’त वर्ग करायची रीत सांगताना आचार्यांनी दोन खंडांच्या गुणाकाराची दुप्पट आधी सांगितली आणि खंडांचे वर्ग मागाहून. “मधल्याला पहिला मान! याला म्हणतात आचार्य.”

गेल्या रविवारी माझ्या चिरंजीवांनी घराण्याची परंपरा राखली आणि मधलं पद गाळलं. मी त्याला सरांकडे नेलं. गल्लीतली आणखी चार पोरं तिथे होतीच. काकू भजनाला गेल्या होत्या. ओट्यावर नारळाच्या वड्यांचं चौकोनी ताट होतं, सात ओळी आणि दर ओळीत सात वड्या. सरांनी सुरी घेऊन एक उभी, एक आडवी रेघ मारली. एका कोपऱ्यातल्या 9 वड्या पोरांना दिल्या, समोरच्या कोपऱ्यातल्या 16 दिल्या.

“संपलं तुमचं उत्तर,” असं म्हणत त्यांनी उरलेल्या दोन पट्ट्यांवर ताटली झाकली.

पोरांचे चेहरे उतरले. मग माझा मुलगाच ओरडला, “सर, ते दोन ए बी!”

“वा! आता आकृती काढा. काकू आल्या की ते मिळेल.”

पोरं वहीत माना खुपसून बसली. सर ताटाची राखण करत बसले. त्यांना साखरेचा त्रास आहे, त्यामुळे राखणीला याहून सुरक्षित माणूस नाही, असं मला वाटलं.

काकू आल्या. त्यांनी ताटली उचलली आणि बोटाने वड्या मोजल्या. एका पट्टीत 12, दुसरीत 10.

“कापताना जरा तिरकं गेलं असेल,” सर पुटपुटले.

काकूंनी सरांच्या मिशीकडे पाहिलं. तिथे खोबऱ्याचा एक कीस अडकला होता. वही हातभर लांब धरावी तसं ताट लांब धरून त्यांनी शांतपणे विचारलं,

“मधलं पद कोणी खाल्लं?”