बंद घड्याळाच्या गावी

हिल व्हॅलीला निघालेल्या माणसाला "कसं जाल?" असं कुणी विचारत नाही, विचारतात ते "कधी जाल?" कॅलिफोर्नियातलं हे गाव नकाशावर नाही. रॉबर्ट झेमेकिस आणि बॉब गेल यांनी ते १९८५च्या 'बॅक टू द फ्यूचर' या चित्रपटासाठी वसवलं. तिथलं वाहन म्हणजे डॉक ब्राउन या खटपट्या शास्त्रज्ञानं डेलोरियन मोटारीत बसवलेलं कालयंत्र. वेग ताशी ८८ मैलांवर, म्हणजे सुमारे १४२ किलोमीटरवर गेला, की प्रवासी दुसऱ्या सालात. वाट दाखवायला समोर झगमगत्या आकड्यांच्या तीन ओळी असतात: जायची तारीख लाल, आजची हिरवी, आधी जिथून निघालो ती पिवळी. चाहत्यांचा सगळा जीव या पाटीवर. पण कालप्रवाशाला खरी वाट ही पाटी दाखवतच नाही. ती दाखवतं चौकातल्या कोर्टाच्या इमारतीवरचं घड्याळ, आणि तेही बंद पडलेलं आहे म्हणूनच.

आधी पाटीची परीक्षा घेऊ. प्रात्यक्षिक दाखवताना डॉक तीन तारखा दाबतो. पहिली ४ जुलै १७७६, अमेरिकेच्या स्वातंत्र्याच्या जाहीरनाम्याची. पाटी तारीख घेते, ठिकाण विचारत नाही. गाडी जिथून उडते तिथेच उतरते. म्हणजे हा इतिहासप्रेमी उतरणार स्पेनच्या अमलाखालच्या कॅलिफोर्नियात, आणि सोहळा चाललेला असणार जवळपास चार हजार किलोमीटर दूर फिलाडेल्फियाला. बैलगाडी मिळाली तर नशीब. दुसरी तारीख ख्रिस्तजन्माची: २५ डिसेंबर, साल शून्य. इसवी सनात शून्य साल नाहीच. इसवी सनपूर्व १ संपलं की थेट इसवी सन १ लागतं. ३० फेब्रुवारीचा फॉर्म दिला तर रेल्वेच्या आरक्षण खिडकीवरचा कारकूनसुद्धा तो चष्म्यावरून बघत परत सरकवतो. पाटीनं हूं की चूं केलं नाही. तिसरी तारीख ५ नोव्हेंबर १९५५. त्या दिवशी घड्याळ टांगायला कमोडवर चढलेला डॉक घसरला, डोकं बेसिनवर आपटलं आणि त्याला कालयंत्र सुचलं. हीच तारीख पाटीवर राहून गेली, बंदूकधाऱ्यांपासून पळताना डॉकचा तरुण दोस्त मार्टी याच्या गाडीनं वेग घेतला, आणि पोरगं न मागता तीस वर्षं मागे जाऊन एका शेतकऱ्याच्या कोठारात घुसलं. याला मार्गदर्शन म्हणायचं तर दरीत पडण्याला गिर्यारोहण म्हणावं लागेल.

आता घड्याळाकडे या. १२ नोव्हेंबर १९५५च्या रात्री १० वाजून ४ मिनिटांनी त्याच्यावर वीज पडली आणि काटे थांबले. १९८५ साली महापौर ते बदलायला निघालेत, आणि ते आहे तसं राहावं म्हणून एक बाई चौकात डबा खुळखुळवत पत्रकं वाटते. मार्टीनं ते पत्रक एरवी बोळा करून फेकलं असतं. पण त्याच्या मागच्या बाजूला मैत्रिणीनं फोन नंबर लिहून दिला, म्हणून खिशात राहिलं. परतायला लागते १.२१ गिगावॅट, म्हणजे १२१ कोटी वॅट वीज. एरवी यंत्राला ती पुरवणारं प्लुटोनियम १९५५ साली मिळणं अशक्य, आणि एवढी ताकद असते फक्त आकाशातल्या विजेत. ती कधी, कुठे पडेल हे कुणालाच सांगता येत नाही. खिशात पत्रक असलेल्याला येतं, अगदी मिनिटासकट.

यावर कुणी म्हणेल, ही पटकथेची सोय झाली. झालीच. पण सोयच करायची तर लेखकांना पाटीकडूनही करून घेता आली असती. त्यांनी ती मोडक्या घड्याळाकडून करून घेतली, कारण तर्क तिकडेच नेतो. ग्रिनिचच्या वेधशाळेवर १८३३पासून रोज दुपारी एकला एक गोळा खाली पडतो. थेम्सवरची जहाजं त्यावरून आपली घड्याळं लावत. ती खूण तेव्हाच्या माणसांसाठी, गोळा पडला की तिचं काम संपलं. कालप्रवाशाला एकच क्षण वर्षानुवर्षं धरून ठेवणारी खूण लागते, आणि ते चालत्या घड्याळाला जमणं शक्य नाही. दुसरा आक्षेप जास्त जड आहे: छापील तारीख-वेळ पुरे असेल तर घड्याळ हवं कशाला? स्टीफन हॉकिंग यांनी २८ जून २००९ला कालप्रवाशांसाठी मेजवानी ठेवली आणि निमंत्रणं नंतर पाठवली. स्थळ-वेळ चोख होती. आलं कुणीच नाही. कालप्रवास अशक्य असल्याचा हा पुरावा, असं ते गमतीनं म्हणत. असेलही. पण त्या निमंत्रणासाठी चौकात डबा खुळखुळवणारी बाई नव्हती हेही विसरू नये. हिल व्हॅलीत २०१५ सालीसुद्धा एक म्हातारा त्याच घड्याळासाठी वर्गणी मागतो. अशी चिकाटी असली तरच कागद तीस वर्षांनी एखाद्याच्या खिशात सापडतो.

उलटा पुरावा हवा असेल तर याच चित्रपटमालिकेच्या तिसऱ्या भागात १८८५ला जा. तिथे हेच घड्याळ कोरं करकरीत आहे, गावची जत्रा भरवून सुरू केलेलं, सेकंदाला सेकंद बरोबर. डॉक आणि मार्टी त्याच्याशेजारी ऐटीत फोटोही काढून घेतात. परतीच्या कामी मात्र ते काडीचं येत नाही, आणि दोघांना अख्खं आगगाडीचं इंजिन पळवून दरीत घालावं लागतं.